मीठ आत्याचं

आमच्या आत्याच्या स्वयंपाकघरात एकाही डब्यावर कधी चिठ्ठी चिकटलेली नव्हती. साखर, मीठ, सोडा, तांदूळ, पीठ, सगळं एकसारख्या स्टीलच्या डब्यांत. बस डेपोतल्या निरोप समारंभात मिळालेला संच होता तो. कोणी म्हणालं की नावं तरी लिहून ठेव, तर ती झाकण उघडून बोटाचं टोक आत बुडवायची, जिभेवर टेकवायची आणि म्हणायची, "ही कशाला दिलीय मग?" डबा ओळखायला आपल्याला डोळे लागत नाहीत, हे ती चारचौघांत मोठेपणाने सांगायची.

आत्या म्हणजे माझ्या वडिलांची मोठी बहीण. एकतीस वर्षं बसमध्ये कंडक्टर होती. लग्न केलं नाही. का केलं नाही असं कोणी विचारलंच, तर म्हणायची की दिवसभर हजार माणसांचं ऐकून घरी आल्यावर हजार-एकावं कशाला. निवृत्त होऊन सहा वर्षं झाली तरी बस तिच्या अंगातून उतरली नव्हती. तिच्या दोन खोल्यांत चार माणसं जमली की ती "पुढे सरका, दार मोकळं ठेवा" म्हणून हाकत सुटायची. तिकीट न काढलेला माणूस तिला म्हणे नुसत्या चेहऱ्यावरून कळायचा. तो खिडकीबाहेर जरा जास्तच मन लावून बघतो, असं तिचं शास्त्र होतं.

वर्षातून एकदा, बाजारात लिंबांचा ढीग लागला की आम्ही सगळे तिच्याकडे जमायचो आणि दोनशे लिंबं मिठात घालायचो. आजीच्या वेळेपासून हे चालत आलेलं. कामं वाटून ठरलेली होती आणि त्यात बदल करायची कोणाची छाती नव्हती. माझी आई धुतलेली लिंबं एकेक करून कोरड्या फडक्याने पुसायची, कारण पाण्याचा एक थेंब राहिला तरी बरणीला बुरशी येते. बाबा लिंबं चिरायचे. त्यांचं घड्याळ दुरुस्तीचं दुकान आहे, त्यामुळे त्यांच्या हातून लिंबाच्या चार फोडी होतात त्या चौघी जुळ्या बहिणी असल्यासारख्या. दुसऱ्या कोणी चिरलं तर ते त्यांना बघवत नाही. मी आणि माझी नऊ वर्षांची मुलगी बिया काढायचो. आमचे हे बरण्या उकळत्या पाण्यातून काढून वाळवायचे, आणि वाळवून झाल्या की जावई म्हणून आणखी काहीतरी उपयोगी करायला जायचे. या उपयोगी करण्याची गोष्ट पुढे येईलच.

आणि मीठ आत्याचं. वजन नाही, माप नाही. फोडींवर मीठ पडायचं, रस सुटायचा, ती चमचाभर रस तोंडात घेऊन डोळे मिटायची आणि आम्ही सगळे श्वास धरायचो. मग "थोडं अजून". मग पुन्हा डोळे मिटणं. पुरेसं झालं की ती चमचा परातीच्या काठावर दोनदा आपटायची, बस सोडायला घंटा देतात तशी, आणि बरण्या भरायला लागायच्या. नंतर आम्हाला चव दिली की आम्ही एकमुखाने म्हणायचो, "चोख!" आमच्या घरात आत्याच्या मिठाला चोख सोडून दुसरा शब्द नाही. एका वर्षी ते इतकं खारट झालं होतं की आमच्या ह्यांनी दोन तांबे पाणी प्यायलं, पण प्यायच्या आधी तेही चोखच म्हणाले होते.

आता त्या वर्षीची गोष्ट. ती सांगण्याआधी एक सांगून टाकते, म्हणजे तुम्ही तरी आमच्यासारखे बावळट ठरणार नाही. आत्याची चव गेली होती. चार महिन्यांपूर्वी तिला ताप आला, ताप उतरला आणि जाताना जीभ घेऊन गेला. गोड नाही, खारट नाही, आंबट नाही. डॉक्टर म्हणाले, येईल कदाचित परत, कदाचित नाही येणार. तिने ते कोणालाही सांगितलं नाही.

का नाही सांगितलं, तेही ऐका. बाबा तीन वर्षांपासून तिच्या मागे लागले होते की ताई, हे सगळं आमच्याकडे करू. आमचं घर तळमजल्यावर. तुझे तीन जिने, लिफ्ट नाही, पोती वर चढवताना माझे गुडघे बोलतात. मीठ काय, काट्यावर मोजू, किलोला किती ते मी लिहून ठेवतो. आत्या दरवेळी एकच उत्तर द्यायची, की काट्याला जीभ नसते. त्यावर बाबा गप्प. म्हणजे तिच्या घरी आम्ही सगळे जमायचो त्या दिवसाला आधार होता तो तिच्या जिभेचा. वर्षाचे बाकी दिवस आम्ही तिला फोन करायचो, येतो येतो म्हणायचो आणि जायचो नाही. हे लिहिताना लाज वाटते, पण खरं आहे. जीभ गेल्याचं कळलं की काटा येणार, काटा आला की लिंबं तळमजल्यावर जाणार, आणि मग आपल्या दारात पाच जोडी चपला कधी दिसायच्या नाहीत, हे आत्याने बरोबर ओळखलं होतं.

तर आम्ही पोचलो. बाबा तिसऱ्या मजल्यावर पोचेपर्यंत प्रत्येक जिन्याला एकेक शेरा मारून झाला होता. आत्याने सकाळीच उठून सगळ्यांचं जेवण करून ठेवलं होतं. चेहरा नेहमीसारखा, आवाज नेहमीपेक्षा मोठा. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते मला आत्ता सुचतंय, तेव्हा काही कळलं नाही.

काम सुरू झालं. आईने पुसायला घेतलं, बाबांनी डोळ्याला घड्याळाचं भिंग लावून चिरायला घेतलं, कारण यंदा एकही बी कापली जाणार नाही अशी त्यांनी प्रतिज्ञा केली होती. माझ्या मुलीला घरात सगळे चौकशी म्हणतात, कारण ती जागी असते तोवर चौकशीची खिडकी उघडी असते. तिने बाबांना विचारलं की लिंबाला किती बिया असतात, मग विचारलं की सगळ्यांत जास्त किती सापडल्या, मग विचारलं की कोणी मोजल्या. बाबा भिंग सावरत उत्तरं देत होते.

आणि आमचे हे बरण्या वाळवून मोकळे झाले. मोकळे झाल्यावर त्यांना फळी दिसली. फळीवर धूळ दिसली. त्यांनी सगळे डबे खाली काढले, फळी लख्ख पुसली आणि डबे परत वर ठेवले. सगळे एका रेषेत, फक्त कोणता कुठे होता ते देवाला ठाऊक. आत्या गेले चार महिने मीठ डावीकडचं आणि साखर उजवीकडची, एवढ्या एका आधारावर स्वयंपाक करत होती, हे त्यांना तरी कसं कळणार? खडेमीठ आणि जाड साखर, दिसायला सख्ख्या बहिणी.

आत्याने डावीकडचा डबा उचलला आणि दोन वाट्या भरून फोडींवर ओतल्या. खालवर केलं. रस सुटला. तिने चमचा तोंडात घेतला, डोळे मिटले. आम्ही श्वास धरला. डोळे नेहमीपेक्षा जास्त वेळ मिटलेले होते.

"थोडं अजून," ती म्हणाली, आणि आणखी एक वाटी ओतली.

मग तिने एक गोष्ट केली जी आजवर कधी केली नव्हती. चमचा बाबांच्या पुढे धरला आणि म्हणाली की यंदा सगळ्यांनी चाखून सांगायचं, घंटा त्यानंतर. आम्हाला तो मान वाटला. तिला आमची मतं नको होती, चेहरे हवे होते. एकतीस वर्षं चेहऱ्यांवर काढलेली बाई ती. खारट जास्त झालं तर कुठली भुवई हलेल, हे तिने मनात पक्कं केलं होतं.

बाबांनी चाखलं. क्षणभर थांबले. मग वर पंख्याकडे बघत म्हणाले, "चोख." आईने चाखलं आणि वन्संच्या हाताला तोड नाही असं म्हणून पुन्हा लिंबं पुसायला लागली. पुसलेलीच लिंबं पुसत होती ती. मग चमचा माझ्याकडे आला. निव्वळ सरबत. मी बाबांकडे पाहिलं, ते अजून पंखाच बघत होते. मला वाटलं यंदा काहीतरी नवीन करायचं ठरलंय आणि मलाच सांगितलेलं नाही. किंवा माझंच काही बिघडलंय. मीही मूग गिळले आणि चोख म्हणाले. आमच्या ह्यांनी तर डोळे मिटून मान डोलावली, गाण्याच्या मैफलीत डोलावतात तशी, आणि म्हणाले, "आत्या, आजवरचं सगळ्यांत चोख!"

चार मोठी माणसं, एक परात साखर, आणि एकालाही बोलता आलं नाही. तीस वर्षांच्या सवयीपुढे जीभ ती काय.

आत्याच्या खांद्यावरून ओझं उतरलेलं मला स्पष्ट दिसलं. तिने घंटा द्यायला चमचा उचलला. तेवढ्यात चौकशी बियांचं पातेलं मोरीत रिकामं करून परत आली. तिने परातीत बोट बुडवून चाखलं. पुन्हा बुडवलं. तिसऱ्यांदा बुडवलं, या वेळी दोन बोटं.

आत्याचा चमचा हवेतच राहिला. मिठात घातलेल्या लिंबाचा ताजा रस तीनदा चाटणारं आणि तोंड वाकडं न करणारं मूल तिने जन्मात पाहिलं नव्हतं.

"कसं लागतंय?" तिने विचारलं.

"मस्त. आत्याआजी, यात मीठ कधी घालणार?"

आत्याने आमच्याकडे पाहिलं. बाबा पंख्याकडे, आई लिंबाकडे, हे बरणीकडे, मी खिडकीबाहेर. चौघेही बिनतिकीट सापडलो होतो.

ती हळूच स्टुलावर बसली. मला वाटलं आता सगळ्यांची खरडपट्टी निघणार. ती निघाली असती तर बरं झालं असतं.

"मला कळत नाही रे धाकट्या," ती बाबांना म्हणाली. "चार महिने झाले. कशाचीच चव कळत नाही. तुमच्या तोंडांवरून कळेल असं वाटलं होतं."

मग तिने सगळं सांगितलं, ताप, डॉक्टर, डावा डबा, उजवा डबा. सांगताना तिचा आवाज इतका लहान झाला की मला तिचा हात धरावासा वाटला, आणि मी धरला. आई म्हणाली, "वन्सं, तुमची चव गेली, आमची अक्कल कुठे गेली होती?" आमचे हे फळीकडे बघून इतके ओशाळले की त्यांनी एकेक डबा चाखून परत जागच्या जागी लावायला घेतला. त्यात सोड्याचाही डबा होता.

आत्या मात्र हसली नाही. ती म्हणाली, "आण तुझा काटा. पुढच्या वर्षीपासून तुझ्याकडेच करा. जिने तरी वाचतील तुझे."

तीन वर्षं बाबांना हेच ऐकायचं होतं. आणि आता ऐकलं तर त्यांचं तोंड असं झालं की जसं काही कोणी त्यांच्याच हातातून काहीतरी काढून घेतलंय. ते काही बोलायच्या आत चौकशीने मिठाचा डबा ओढत आणला. तिने तो चाखून ओळखला होता. परातीशेजारी उभी राहून तिने विचारलं की मीठ किती झालं की पुरे म्हणायचं, ते कळतं कसं?

हा प्रश्न आजवर आम्ही कोणी विचारलाच नव्हता. आत्याने थोडा वेळ विचार केला. "आधी आंबट लागतं ना, ते कानाखाली लागायला हवं," ती सावकाश म्हणाली. "इथे, जबड्याच्या सांध्यात. मग मीठ जिभेच्या कडांना. टोकाला लागलं तर कमी, घशाला लागलं तर जास्त. गिळल्यावर पाणी प्यावंसं वाटलं नाही, की झालं."

चौकशीने डोळे मिटले. आत्याच्या हातून मूठभर मीठ पडलं. "टोकाला," ती म्हणाली. आणखी मूठ. "कानाखाली येतंय. एकाच कानाखाली येतंय." आणखी अर्धी मूठ. आत्या स्टूल पुढे ओढून तिच्या तोंडाशी तोंड नेऊन बसली होती, तिची भुवई, गाल, हनुवटी बघत. "आता कडेला? दोन्ही कडांना? घशात काही?" आवाज पुन्हा मोठा व्हायला लागला होता. आणि मध्येच ती थांबली. मूठ तशीच मिटलेली.

"धाकट्या," ती म्हणाली, "आई मला हेच विचारायची. शब्दाला शब्द. मी हिच्यापेक्षा थोडी मोठी असेन. टोकाला का, कडेला का, घशात काही का. मला वाटायचं परीक्षा घेतेय. मी चुकायला घाबरायचे." ती बाबांकडे बघत राहिली. "आईला कळत नव्हतं का रे तेव्हा?"

बाबांनी डोळ्यावरचं भिंग काढलं. ते तेव्हा पाच-सहा वर्षांचे होते. त्यांना एवढंच आठवत होतं की एका मोठ्या आजारपणानंतर आईचं जेवण एक दिवस अळणी आणि एक दिवस खारट व्हायचं. ते ताटावरून कुरकुर करायला लागले की वडील त्यांच्या मांडीवर थोपटायचे आणि मोठ्याने म्हणायचे, चोख झालंय, जेव मुकाट्याने.

तो शब्द आमच्या घरात कुठून आला ते आम्हाला तेव्हा कळलं.

आत्याने परातीकडे पाहिलं. मग म्हणाली, "आईने मीठ मरेपर्यंत सोडलं नाही. पंधरा वर्षं माझ्या जिभेवर चालवलं आणि मला कळू दिलं नाही." ती हसायला लागली. आधी नाकातल्या नाकात, मग खदाखदा, डोळ्यांना पाणी येईपर्यंत. "काय बाई होती! बिनचवीची बाई अख्ख्या गल्लीला मीठ शिकवायची!"

मग मिटलेली मूठ तिने परातीवर उघडली. चौकशीने चाखलं, जिभेने दोन्ही कडा तपासल्या, थुंकी गिळली, पाणी हवं का याचा विचार केला आणि सांगितलं की झालं. साखरेसकट झालं. दोन्ही मिळून जे काही झालं होतं ते चाखून आम्ही एकमेकांकडे बघत राहिलो, कारण ते खरोखरच झकास लागत होतं. त्या वर्षीच्या बरण्या पावणेदोन महिन्यांत तळाला लागल्या.

भरलेल्या बरण्या ओळीने खिडकीत ठेवल्या आणि आम्ही जेवायला बसलो. आत्याने हौसेने वाढलं. तांदळाचा मोकळा भात, बटाट्याची भाजी, वर ताज्या लिंबाची फोड. सगळे भुकेले होतो, खाली मान घालून जेवत होतो. चौकशीने भाजीचा एक घास घेतला आणि तोंड उघडलं, तेव्हा मी खालून तिच्या पायावर पाय दिला. भाजी खारट होती. खारट म्हणजे समुद्र. तासाभरापूर्वी एवढं रामायण झालेलं, तरी आम्ही पाचही जण ती मुकाट्याने गिळत होतो, आणि आमच्या ह्यांनी तर दुसऱ्यांदा वाढून घेतली.

आत्या ताटावर हात ठेवून आमच्याकडे बघत होती.

"ताई," बाबा म्हणाले. त्यांनी पाण्याचा तांब्या बाजूला सरकवला. त्यांना हे वाक्य बोलायला किती जड जात होतं ते त्यांच्या मानेवरून दिसत होतं. "भाजी खारट झालीय."

"किती?"

"बरीच. खाववत नाही."

मला वाटलं तिला लागलं असेल. पण आत्याचा चेहरा असा काही उजळला की मी तो आयुष्यात विसरणार नाही. "रोज अशीच करते मी," ती म्हणाली. "चार महिने एकटी हेच खातेय. सांगणार कोण?"

बाबांनी ताट बाजूला सरकवलं. उठले, भाजीचं भांडं घेतलं, गॅसवर ठेवलं, दोन बटाटे चिरून आत टाकले, एकसारखे.

आत्याची चव अजून परत आलेली नाही. डॉक्टर अजूनही कदाचित म्हणतात. पण बाबांच्या दुकानाचं दार आता दुपारी एक ते दोन बंद असतं. ते तीन जिने चढतात, चढताना गुडघ्यांना नावं ठेवतात, ताटावर बसतात आणि पहिला घास घेतात. आत्या समोर बसून त्यांच्या तोंडाकडे बघत असते. ते सांगेपर्यंत ती आपल्या ताटाला हात लावत नाही.